माइनक्राफ्टमधील बहुखेळाडू सत्रात सहभाग

माइनक्राफ्ट या व्हिडिओ खेळात एका खेळाडूने आपल्या उपकरणावर निर्माण केलेल्या जगात दुसऱ्या खेळाडूने आंतरजालाद्वारे किंवा स्थानिक जाळ्यातून प्रवेश करून त्याच्यासोबत खेळणे, यास बहुखेळाडू सत्रातील सहभाग म्हणतात. ज्याचे जग असते तो यजमान आणि त्यात येतो तो पाहुणा. मित्राने चालवलेल्या अशा सत्रातील जग एखाद्या कंपनीच्या दूरच्या यंत्रावर नसते. ते यजमानाच्याच संगणकावर, मोबाइलवर किंवा कन्सोलवर असते. जोडणी न होणे, खेळ अडखळणे, मेहनतीने बांधलेले घर हाती न उरणे, अनोळखी माणूस आत शिरणे, या सर्व तक्रारींचे मूळ बहुधा याच एका वस्तुस्थितीत सापडते.

खेळाचे स्वरूप

माइनक्राफ्टमधील जग घनाकार ठोकळ्यांचे बनलेले असते. खेळाडूने ते खणावे, रचावे, त्यांतून अवजारे, घरे, यंत्रे तयार करावीत, अशी खेळाची मांडणी आहे. जिंकण्या-हरण्याचे ठरलेले उद्दिष्ट त्यात सक्तीचे नाही. इंग्रजीत अशा खेळांना सँडबॉक्स, म्हणजे मुलांसाठी केलेला वाळूचा हौद, असे नाव आहे. हौदाऐवजी आख्खा समुद्रकिनारा ज्यांच्या दारात आहे, अशा पालघर जिल्ह्यातील दांडीसारख्या गावांतील मुलांना ही कल्पना वेगळी समजावून सांगावी लागत नाही. वाळूचा किल्ला एकट्याने करता येतो, पण त्याला शेजारचा सवंगडी मिळाला की किल्ल्याभोवती खंदक येतो, पूल येतो आणि भांडणही येते. बहुखेळाडू सत्राचे आकर्षण नेमके हेच आहे.

हा खेळ स्वीडनमधील मार्कस पर्सन यांनी निर्माण केला. त्याचे पहिले सार्वजनिक रूप १७ मे २००९ रोजी उपलब्ध झाले आणि पूर्ण आवृत्ती १८ नोव्हेंबर २०११ रोजी प्रसिद्ध झाली. मोजँग ही निर्मिती करणारी कंपनी मायक्रोसॉफ्टने २०१४ मध्ये २५० कोटी डॉलरना विकत घेतली. ऑक्टोबर २०२३ पर्यंत खेळाच्या ३० कोटींहून अधिक प्रती विकल्या गेल्याचे कंपनीने जाहीर केले. एकत्र रचना करण्याच्या सोयीमुळे त्याचा उपयोग खेळापलीकडेही झाला. संयुक्त राष्ट्रांच्या वसाहतविषयक संस्थेने २०१२ पासून मोजँगच्या साहाय्याने ‘ब्लॉक बाय ब्लॉक’ हा उपक्रम चालवला असून त्यात नैरोबी, मुंबई यांसारख्या शहरांतील रहिवाशांनी आपल्या वस्तीतील मोकळ्या जागांचे आराखडे या खेळात रचून पाहिले.

जग कोणाकडे असते

एकट्याने खेळतानाही माइनक्राफ्टमध्ये दोन कामे वेगवेगळी चालतात. एक भाग जगाचा हिशेब ठेवतो: कोणता ठोकळा कोठे आहे, पाणी कोणत्या बाजूने वाहते, रात्र केव्हा पडते. या भागास सर्व्हर म्हणतात. दुसरा भाग खेळाडूला ते जग पडद्यावर दाखवतो आणि त्याच्या हालचाली पहिल्या भागाला कळवतो. संगणकावरील जावा प्रकारात ऑगस्ट २०१२ मधील १.३.१ या आवृत्तीपासून एकट्याचा खेळही याच पद्धतीने चालू लागला. म्हणजे एकटा खेळाडू स्वतःच यजमान असतो आणि स्वतःच पाहुणा. मित्राला आत घेणे म्हणजे नवे जग उघडणे नव्हे. आतापर्यंत फक्त स्वतःशी बोलणाऱ्या सर्व्हरला बाहेरच्या दुसऱ्या माणसाशी बोलू देणे एवढेच होय. इंग्रजी संज्ञांपेक्षा मराठीतील ‘यजमान’ आणि ‘पाहुणा’ हे शब्द येथे अधिक नेमके बसतात, कारण घर, दार आणि घराचे नियम हे सारे त्यांत आपोआप येते.

यातून काही परिणाम संभवतात आणि नवख्यांचा गोंधळ बहुधा येथेच होतो. यजमानाने खेळ बंद केला, त्याच्या मोबाइलची बॅटरी संपली किंवा त्याच्याकडची वीज गेली, की सत्र संपते आणि सर्व पाहुणे बाहेर पडतात. पाहुण्याने त्या जगात खणलेले हिरे, बांधलेली खोली, पेटीत ठेवलेले सामान, इतकेच नव्हे तर त्याच्या अंगावरील चिलखतसुद्धा यजमानाच्या उपकरणातच नोंदले जाते. पाहुणा आपल्या स्वतःच्या जगात परतला की तेथील जुने सामानच त्याला दिसते. पुन्हा मित्राच्या जगात गेल्यावर मात्र तो जेथून बाहेर पडला तेथेच उभा असतो आणि त्याच्या वस्तूही तशाच असतात. यजमानाने ते जग पुसून टाकले, तर पाहुण्याचे श्रमही त्याबरोबर जातात. महिनोन्‌महिने एकत्र बांधलेल्या गावाची प्रत वेळोवेळी काढून ठेवणे म्हणूनच इष्ट असते. जावा प्रकारात जगाच्या संपादनपृष्ठावर तशी सोय आहे, तर बेडरॉक प्रकारात जगाची नक्कल करता येते किंवा ते बाहेर जतन करता येते.

एकत्र खेळताना काळाचे नियमही बदलतात. एकट्याच्या खेळात विरामपट उघडला की जग थांबते. पाहुण्यांसाठी उघडलेले जग थांबत नाही. जेवायला उठलेल्या खेळाडूला त्याच्या माघारी राक्षस गाठू शकतो. रात्र टाळायची तर सर्वांनी झोपावे लागते. जावा प्रकारात २०२१ मधील १.१७ या आवृत्तीपासून किती टक्के खेळाडू झोपले म्हणजे पुरे, हे ठरवता येते.

जावा आणि बेडरॉक

माइनक्राफ्टचे दोन मुख्य प्रकार आहेत व ते एकमेकांशी थेट जोडले जात नाहीत. विंडोज, मॅक आणि लिनक्स संगणकांवर चालणारा जुना प्रकार म्हणजे जावा. मोबाइल, कन्सोल आणि विंडोज यांवर चालणारा दुसरा प्रकार म्हणजे बेडरॉक. सप्टेंबर २०१७ च्या सुधारणेनंतर बेडरॉकमध्ये मोबाइल, विंडोज व एक्सबॉक्स यांवरील खेळाडू एकत्र खेळू लागले. २०१८ मध्ये निन्टेंडो स्विच आणि २०१९ च्या अखेरीस प्लेस्टेशन ४ त्यांत आले. जून २०२२ पासून विंडोजसाठी दोन्ही प्रकार एकत्र विकले जातात. त्यामुळे मोबाइलवर खेळणाऱ्या मित्राकडे जायचे असल्यास संगणकावरील खेळाडूने बेडरॉक उघडावा लागतो. खेळ विकत घेण्यापूर्वी मित्राकडे कोणता प्रकार आहे हे विचारणे, हे यातील सर्वांत साधे आणि सर्वांत जास्त वेळा विसरले जाणारे काम आहे.

जावा प्रकारात दोघांची आवृत्तीही जुळावी लागते. आवृत्ती न जुळल्यास पाहुण्याला तसा संदेश दिसतो; अशा वेळी खेळ सुरू करण्याच्या खिडकीतून यजमानाची आवृत्ती निवडता येते. यजमानाने नवे ठोकळे किंवा प्राणी आणणारे मॉड, म्हणजे खेळात बदल घडवणारे पूरक भाग, बसवले असतील तर बहुधा तेच भाग पाहुण्याकडेही असावे लागतात. बेडरॉकमध्ये सहसा सर्वांनी खेळ अद्ययावत ठेवला की काम भागते. प्लेस्टेशन, स्विच व एक्सबॉक्स यांवर आंतरजालाद्वारे एकत्र खेळण्यास त्या त्या कंपनीची वेगळी वर्गणी लागते. मोबाइल व विंडोजवर ती लागत नाही.

एकाच वाय-फायवरील जोडणी

दोन्ही उपकरणे एकाच वाय-फायवर असल्यास जोडणी सर्वांत सोपी. जावा प्रकारात यजमान आपले जग उघडून विरामपटातील ‘ओपन टू लॅन’ हा पर्याय निवडतो. त्यानंतर यजमानाचा संगणक घरातील जाळ्यात दर दीड सेकंदाने एक लहानशी घोषणा करत राहतो आणि पाहुण्याच्या ‘मल्टिप्लेयर’ यादीत ते जग आपोआप दिसू लागते. बेडरॉकमध्ये जगाच्या मांडणीत बहुखेळाडू खेळ व स्थानिक खेळाडूंना दिसण्याची परवानगी चालू असली, की पाहुण्याला ते मित्रांच्या यादीत दिसते.

घरात वाय-फाय नसल्यास एका मोबाइलचा हॉटस्पॉट चालू करून दुसरे उपकरण त्यावर जोडता येते. खेळाची देवाणघेवाण तेव्हा दोन उपकरणांतच होत असल्याने तिच्यासाठी डेटा जवळजवळ खर्च होत नाही. खाते तपासण्यापुरते आंतरजाल लागू शकते. जग तरीही दिसले नाही, तर दोन कारणे प्रथम तपासावीत. विंडोजने ते जाळे ‘सार्वजनिक’ मानले असेल, तर त्यातील संरक्षक भिंत बाहेरून येणारी जोडणी अडवते. दुसरे असे, की वसतिगृहे, वाचनालये, उपाहारगृहे येथील वाय-फायमध्ये उपकरणांनी एकमेकांशी बोलू नये अशी योजना मुद्दाम केलेली असते. ती सुरक्षिततेसाठी असून ओलांडण्याचा प्रयत्न करू नये.

दूरच्या मित्राकडे जाणे

यजमान दांडीत आणि पाहुणा काही किलोमीटरवरच्या बोईसरला असेल, तर अंतर किती यापेक्षा दोघे वेगवेगळ्या जाळ्यांवर आहेत ही गोष्ट महत्त्वाची ठरते. मित्राच्या उपकरणापर्यंत पोहोचण्यास दोन गोष्टी लागतात: आयपी पत्ता आणि पोर्ट. पहिला म्हणजे इमारतीचा पत्ता आणि दुसरा म्हणजे खोलीचा क्रमांक, असे स्थूलमानाने म्हणता येईल. जावा प्रकाराच्या स्वतंत्र सर्व्हरचा नेहमीचा पोर्ट २५५६५ आणि बेडरॉकचा १९१३२ आहे. ‘ओपन टू लॅन’ने उघडलेल्या जगाचा पोर्ट मात्र दर वेळी बदलतो व तो यजमानाच्या पडद्यावर दाखवला जातो, अलीकडच्या आवृत्त्यांत तो स्वतः ठरवताही येतो.

अडचण पत्त्याची आहे. आयपी पत्त्याच्या जुन्या, म्हणजे चौथ्या पद्धतीत सुमारे ४२९ कोटीच पत्ते शक्य आहेत आणि जगातील उपकरणांना ते पुरत नाहीत. त्यामुळे घरातील सर्व उपकरणांना बाहेरच्या जगात एकच पत्ता असतो आणि आतल्या वापरासाठी १९२.१६८ ने सुरू होणारे खासगी पत्ते राउटर वाटून देतो. हे खासगी पत्ते घरोघरी तेच असतात, म्हणून तसा पत्ता दुसऱ्या गावातील मित्राला सांगून उपयोग नसतो. राउटरचे वागणे वसाहतीच्या फाटकावरील रखवालदारासारखे असते. आतून बाहेर गेलेल्या माणसाच्या नावाने आलेले उत्तर तो बिनचूक त्याच्या दारी पोहोचवतो, पण बाहेरून आलेला आणि कोणाकडे जायचे ते न सांगणारा माणूस तो परत पाठवतो. पाहुण्याची पहिली हाक नेमकी अशीच असते. ‘अमुक पोर्टवर येणारा माणूस अमुक संगणकाकडे सोडावा’ अशी सूचना राउटरमध्ये नोंदवून ठेवणे, यास पोर्ट फॉरवर्डिंग म्हणतात.

भारतात एवढे करूनही पुष्कळदा काम होत नाही. मोबाइल डेटा देणाऱ्या कंपन्या, आणि अनेक ठिकाणी घरगुती आंतरजाल देणारेही, असंख्य ग्राहकांना मिळून एकच सार्वजनिक पत्ता देतात. तेव्हा घरच्या राउटरच्या बाहेर कंपनीचे आणखी एक फाटक उभे असते आणि त्यावरील रखवालदाराला ग्राहकाची सूचना देताच येत नाही. या कामासाठी १००.६४ पासून १००.१२७ पर्यंत सुरू होणारे पत्ते एप्रिल २०१२ मध्ये राखून ठेवण्यात आले. राउटरच्या माहितीपृष्ठावर बाहेरचा पत्ता म्हणून यांपैकी एखादा दिसत असेल, तर पोर्ट फॉरवर्डिंगवर तासन्‌तास खर्चू नयेत. कंपनीकडून जादा शुल्क देऊन स्वतंत्र सार्वजनिक पत्ता घेणे, किंवा दोघांकडे आयपीची नवी सहावी पद्धत असल्यास तिचा उपयोग करणे, असे मार्ग उरतात. सहाव्या पद्धतीत पत्त्यांचा तुटवडा नाही, परंतु राउटरची संरक्षक भिंत तेथेही आडवी येऊ शकते.

बेडरॉकच्या खेळाडूंना हा खटाटोप सहसा पडत नाही. दोघांनी मायक्रोसॉफ्ट खात्याने प्रवेश केला व एकमेकांना मित्र म्हणून जोडले, की कंपनीची सेवा मध्यस्थ होऊन दोन्ही उपकरणांची गाठ घालून देते. यजमानाचे जग चालू असताना पाहुण्याला ते ‘फ्रेंड्स’ या यादीत दिसते. त्यावर बोट ठेवले की प्रवेश होतो. यजमान आतूनही आमंत्रण पाठवू शकतो. अशा सत्रात यजमानासह साधारणतः आठ खेळाडू सामावतात.

जावा प्रकारात हमाची, झिरोटियर किंवा टेलस्केल यांसारख्या साधनांनी दूरच्या संगणकांमध्ये आभासी स्थानिक जाळे उभारता येते. मग जोडणी एकाच वाय-फायवर असल्यासारखी वागते. फक्त घोषणा पोहोचली नाही तर यजमानाचा त्या जाळ्यातील पत्ता व पोर्ट ‘डायरेक्ट कनेक्शन’मध्ये स्वतः लिहावे लागतात. अशा जाळ्यात येणाऱ्याला केवळ खेळाचेच नव्हे, तर संगणकावरील इतर उघड्या सेवांचेही दार दिसू शकते. ओळखीच्या व्यक्तींपलीकडे त्याचे सभासदत्व देऊ नये ते याचसाठी.

यजमान झोपला तरी जग चालू राहावे असे वाटत असेल, तर ‘रिअल्म्स’ ही मोजँगची सशुल्क सेवा आहे. तीत जग कंपनीच्या यंत्रावर राहते, मालकाखेरीज दहा जण एकाच वेळी खेळू शकतात आणि वर्गणी फक्त मालकाला भरावी लागते. येथे घर भाड्याचे असते. वर्गणी थांबली की दार बंद होते, म्हणून जगाची प्रत उतरवून घेणे मालकाचे काम होय.

खेळ अडखळणे

जगाचा हिशेब सेकंदाला वीस वेळा, म्हणजे दर ५० मिलिसेकंदांनी होतो. पाहुण्याने ठोकळा फोडला की त्याच्या पडद्यावर तो लगेच नाहीसा होतो, पण निर्णय यजमानाच्या उपकरणाचा असतो. संदेश उशिरा पोहोचला किंवा नामंजूर झाला, तर फोडलेला ठोकळा पुन्हा जागेवर येतो. नवखा खेळाडू याला मित्राची लबाडी समजतो, ती प्रत्यक्षात वाटेवरची दिरंगाई असते. यजमानाच्या जोडणीचा डेटा बाहेर पाठवण्याचा वेग येथे निर्णायक ठरतो आणि घरगुती योजनांत तो पुष्कळदा उतरवून घेण्याच्या वेगाहून कमी असतो. दिसणाऱ्या प्रदेशाचा पल्ला कमी करणे हा त्यावरचा सर्वांत स्वस्त उपाय.

पाहुण्याचे अधिकार

बेडरॉकमध्ये यजमान प्रत्येक पाहुण्याचा दर्जा ठरवू शकतो. अभ्यागताला फक्त हिंडता येते, सभासदाला खणता व बांधता येते आणि चालकाला आज्ञाही देता येतात. जगात मित्रांचे मित्र येऊ शकतील की केवळ आमंत्रितच, हेही निवडता येते. जावा प्रकारातील ‘ओपन टू लॅन’मध्ये इतकी बारीक विभागणी नाही. आज्ञांना परवानगी दिली तर ती सर्व पाहुण्यांना मिळते. शिवाय प्रवेशयादी ठेवण्याची व एखाद्याला कायम मज्जाव करण्याची सोय स्वतंत्र सर्व्हरमध्येच आहे. राउटरमधून बाहेर उघडलेल्या अशा जगाचा पत्ता कळलेला कोणीही खेळाडू आत येऊ शकतो, आणि आंतरजालावरील पत्ते एकामागून एक तपासत उघडी जगे शोधणाऱ्या स्वयंचलित आज्ञावल्याही आहेत. दूरच्या मित्रांसाठी पोर्ट नित्य उघडा ठेवायचा असेल, तर प्रवेशयादी असलेला स्वतंत्र सर्व्हर चालवणेच योग्य.

सुरक्षितता

मित्राच्या जगात जाणे निरुपद्रवी वाटते, तरी दोन घटना लक्षात ठेवण्याजोग्या आहेत. डिसेंबर २०२१ मध्ये जावा भाषेतील लॉगफोरजे या नोंदी ठेवणाऱ्या घटकात मोठी त्रुटी उघडकीस आली. माइनक्राफ्टच्या गप्पांच्या चौकटीत विशिष्ट ओळ टाइप केली, की सर्व्हरवर आणि त्याला जोडलेल्या पाहुण्यांच्या संगणकांवरही परक्याची आज्ञावली चालवता येत असे. जगभरातील असंख्य संगणकप्रणालींना ग्रासणाऱ्या या त्रुटीची चुणूक प्रथम या खेळातच दिसली. १० डिसेंबर २०२१ रोजी आलेल्या १.१८.१ या आवृत्तीत ती दुरुस्त झाली. त्याआधीच्या आवृत्त्यांवर आजही आवडीने खेळणारे आहेत. कंपनीने सुचवलेली दुरुस्ती केल्याशिवाय तसे करू नये.

दुसरी घटना २०१६ मधील. मिराई नावाच्या दुष्ट आज्ञावलीने कॅमेरे व राउटर यांसारखी असुरक्षित उपकरणे लाखोंनी ताब्यात घेऊन आंतरजालाच्या मोठ्या भागाची कोंडी केली. तिच्या अमेरिकेतील तरुण निर्मात्यांनी २०१७ मध्ये गुन्हा कबूल केला. माइनक्राफ्टचे सशुल्क सर्व्हर चालवणाऱ्यांतील चढाओढ, म्हणजे प्रतिस्पर्ध्याचा सर्व्हर बंद पाडून त्याचे खेळाडू आपल्याकडे ओढणे, ही या प्रकरणामागील एक प्रेरणा होती. यजमानाचा सार्वजनिक पत्ता चारचौघांत उघड करू नये, यामागचे कारण यातून कळते. ज्याला पत्ता ठाऊक आहे, त्याला त्या दारावर गर्दी करून ते बंद पाडता येते.

मुलांच्या बाबतीत धोका यंत्रापेक्षा माणसांकडून अधिक संभवतो. ‘मित्र’ हा शब्द खेळाच्या यादीत फार सैल अर्थाने वापरला जातो; शाळेतल्या बाकावर शेजारी बसणारा आणि काल एखाद्या सार्वजनिक सर्व्हरवर भेटलेला, दोघेही त्या यादीत सारखेच दिसतात. मायक्रोसॉफ्टच्या कुटुंबविषयक मांडणीत बालकाच्या खात्याला मित्र जोडणे, बहुखेळाडू सत्रात जाणे व इतरांशी बोलणे, या गोष्टींना पालकांची वेगवेगळी अनुमती देता येते. बालकाला मित्राच्या जगात प्रवेश न मिळण्याचे कारण पुष्कळदा हीच बंद अनुमती असते. अशा वेळी मुलाचे वय वाढवून नवे खाते काढून देणे ही सोपी, पण चुकीची वाट आहे, कारण त्यामुळे बालकासाठीचे इतर सर्व संरक्षणही निघून जाते. त्रास देणाऱ्या खेळाडूला अडवण्याची व त्याची तक्रार करण्याची सोय खेळातच आहे. प्रकरण धमकी, फसवणूक किंवा छायाचित्रांच्या मागणीपर्यंत गेल्यास भारतात सायबर गुन्ह्यांसाठी १९३० आणि बालकांच्या मदतीसाठी १०९८ हे दूरध्वनी क्रमांक आहेत.

भारतातील कायदे

ऑनलाइन खेळांसंबंधी संसदेने केलेल्या कायद्यास २२ ऑगस्ट २०२५ रोजी राष्ट्रपतींची संमती मिळाली. त्याने पैसे लावून खेळण्याच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घातली, मात्र ई-क्रीडा व सामाजिक खेळ यांना वेगळे मानले. खेळाची किंमत किंवा वर्गणी देणे म्हणजे पैज लावणे नव्हे, म्हणून माइनक्राफ्टमधील मित्रांचे सत्र या बंदीत मोडत नाही. २०२३ च्या वैयक्तिक डिजिटल डेटा संरक्षण कायद्यात अठरा वर्षांखालील प्रत्येक व्यक्ती बालक ठरते आणि तिची माहिती वापरण्यापूर्वी पालकांची पडताळणीयोग्य संमती घेणे सेवा देणाऱ्यावर बंधनकारक केले आहे. या कायद्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले असून त्यांची अंमलबजावणी टप्प्याटप्प्याने व्हावयाची आहे.

अन्य खेळ

यजमानाच्या उपकरणावर जग ठेवण्याची हीच रीत टेरारिया या २०११ मधील खेळातही आहे. लुआंती हा मुक्त स्रोत असलेला ठोकळ्यांचा खेळ विनामूल्य मिळतो. २०१० पासून विकसित होत आलेल्या या खेळाचे नाव ऑक्टोबर २०२४ पर्यंत माइनटेस्ट असे होते. त्याचा नेहमीचा पोर्ट ३०००० असून जुन्या, कमी क्षमतेच्या संगणकांवरही तो चालतो. शाळेच्या संगणककक्षात आंतरजालाविना, केवळ स्थानिक जाळ्यावर एकत्र रचना करण्यास तो विशेष सोयीचा आहे.